सातारची गादी आणि एकोणिसावे शतक : सात गैरसमज

ठाण्याच्या नौपाड्यात इतिहासाच्या व्याख्यानाला श्रोते कमी पडत नाहीत. ६ जून १६७४ ही शिवराज्याभिषेकाची तारीख इथल्या शाळकरी मुलांनाही पाठ असते आणि रायगडावरचा सोहळा तपशीलवार सांगणारी माणसे घरोघरी सापडतात. पण शिवछत्रपतींच्या वंशाच्या सातारा गादीवर एकोणिसाव्या शतकात कोण बसले, त्यांना कोणी बसवले आणि कोणी उठवले, असे विचारले की बहुतेकांचा इतिहास १८१८ पाशी थांबतो. त्यानंतरची तीस वर्षे आपल्या स्मरणातून जवळजवळ गळून गेली आहेत. त्या जागी काही ठोकळेबाज समजुती बसल्या आहेत. त्या एकेक करून तपासू.

गैरसमज १ : १८१८ मध्ये मराठ्यांचे राज्य संपले, गादीही संपली.

वस्तुस्थिती : १८१८ मध्ये संपली ती पेशवाई. तिच्या अखेरच्या युद्धाची एक वाट आपल्या ठाण्यातून जाते. गंगाधरशास्त्री पटवर्धनांच्या पंढरपुरातील खुनाबद्दल इंग्रजांनी त्रिंबकजी डेंगळे याला ठाण्याच्या किल्ल्यात, म्हणजे आजच्या कारागृहात, ठेवले होते. सप्टेंबर १८१६ मध्ये तो तिथून निसटला. पेशवा दुसऱ्या बाजीरावाची त्याला फूस आहे असे म्हणत इंग्रजांनी जून १८१७ मध्ये पुण्याचा तह लादला आणि नोव्हेंबरमध्ये खडकीची लढाई झाली. जून १८१८ मध्ये दुसरा बाजीराव माल्कमच्या स्वाधीन झाला आणि सालिना आठ लाखांच्या तनख्यावर बिठूरला गेला.

सातारची गादी मात्र १८४८ पर्यंत टिकली. तंजावरचे भोसले १८५५ पर्यंत, नागपूरचे १८५३ पर्यंत गादीवर होते. कोल्हापूर तर १९४९ मध्ये भारतात विलीन झाले.

गैरसमज २ : पेशवाईत छत्रपती नामधारी होते, म्हणून त्यांना काही किंमत नव्हती.

वस्तुस्थिती : अधिकार पुण्याकडे गेला होता, हे खरे. सातारच्या राजघराण्याला किल्ल्यावर नजरकैदेसारखे दिवस काढावे लागले, हेही खरे. पण त्या नावावाचून कोणाचेच चालत नव्हते. पेशवेपद मिळायचे ते छत्रपतींकडून वस्त्रे आल्यावर. १७९६ या एकाच वर्षात आधी बाजीरावाचा धाकटा भाऊ चिमाजी आणि मग स्वतः बाजीराव, अशा दोघांसाठी साताऱ्याहून वस्त्रे आणावी लागली. दोन्ही वेळा डाव पुण्यात रचला गेला, पण त्यावर मोहोर साताऱ्याचीच हवी होती.

१८१७-१८ च्या युद्धात बाजीरावाने छत्रपती प्रतापसिंह, त्यांच्या मातोश्री आणि भाऊ यांना आपल्याबरोबर फिरवले, तेही याच कारणाने. छत्रपती इंग्रजांच्या हाती लागले तर सरदार आपल्याला सोडतील, ही त्याची धास्ती होती. २० फेब्रुवारी १८१८ रोजी सोलापूरजवळ अष्टीच्या लढाईत बापू गोखले पडले, छत्रपती इंग्रजांच्या छावणीत गेले, आणि बाजीरावाची धास्ती खरी ठरली. ज्याला किंमत नाही त्याच्यासाठी दोन्ही बाजू इतकी धडपड करत नाहीत.

गैरसमज ३ : राज्यारोहणाचा सोहळा झाला त्या दिवसापासून राजाची सत्ता सुरू होते.

वस्तुस्थिती : सोहळ्याची तारीख आणि सत्तेची तारीख क्वचितच एक असते. एकोणिसाव्या शतकातल्या रशियाकडे पाहिले तर हे चटकन कळते. तिथे पहिला अलेक्झांडर, पहिला निकोलस, दुसरा अलेक्झांडर, तिसरा अलेक्झांडर आणि दुसरा निकोलस असे पाच सम्राट या शतकात गादीवर आले. बाप गेला की मुलगा किंवा भाऊ त्याच क्षणी सम्राट होई. राज्याभिषेक मागाहून होई, आणि राजधानी सेंट पीटर्सबर्ग असूनही तो मॉस्कोच्या क्रेमलिनमधल्या उस्पेन्स्की कॅथेड्रलमध्येच होई. दुसरा अलेक्झांडर मार्च १८५५ मध्ये सम्राट झाला आणि सप्टेंबर १८५६ मध्ये त्याचा अभिषेक झाला. १८८१ मध्ये क्रांतिकारकांच्या बॉम्बने त्याचा बळी घेतला. पुढचा सम्राट तिसरा अलेक्झांडर दोन वर्षांहून अधिक काळ अभिषेकाविना राज्य करत होता. पहिल्या निकोलसला तर डिसेंबर १८२५ मध्ये, निष्ठेची शपथ घेण्याच्या दिवशीच, राजधानीत लष्करी उठाव मोडावा लागला. त्याचा अभिषेक पुढच्या वर्षी झाला. त्याची सत्ता ठरली ती सैन्याच्या शपथेवर.

आता साताऱ्याकडे या. १८०८ मध्ये दुसऱ्या शाहू महाराजांचे निधन झाले आणि त्यांचे पुत्र प्रतापसिंह पंधराव्या वर्षी छत्रपती झाले. त्या दिवशी त्यांच्या हाती राज्यकारभार नव्हता. एप्रिल १८१८ मध्ये कंपनीचा कमिशनर एल्फिन्स्टन याने त्यांना साताऱ्यात समारंभपूर्वक पुन्हा गादीवर बसवले. तेव्हाही कारभार हाती आला नाही. २५ सप्टेंबर १८१९ रोजी तह झाला, राज्याच्या सीमा ठरल्या. प्रत्यक्ष कारभार सोपवला गेला तो १८२२ मध्ये. प्रतापसिंहांच्या राज्याची सुरुवात कधी, या प्रश्नाला म्हणून चार उत्तरे आहेत आणि चारही आपापल्या अर्थाने बरोबर आहेत.

रशिया आणि सातारा यांच्यातला खरा फरक पुढे आहे. मॉस्कोच्या सोहळ्यात सम्राट मुकुट स्वतःच्या हाताने स्वतःच्या डोक्यावर ठेवत असे. साताऱ्यात छत्रपतींना गादीवर बसवणारा होता ईस्ट इंडिया कंपनीचा दख्खनचा कमिशनर. पुढच्या सगळ्या घटनांचे मूळ इथे आहे.

गैरसमज ४ : इंग्रजांनी छत्रपतींना त्यांचे राज्य उदारपणे परत दिले.

वस्तुस्थिती : हा हिशेबी निर्णय होता. फेब्रुवारी १८१८ मध्ये सातारचा किल्ला घेताच एल्फिन्स्टनने जाहीरनामा काढून छत्रपतींना राज्य देण्याचे आश्वासन दिले. पेशव्याच्या पक्षातली मराठा मंडळी फोडण्यासाठी त्याहून चांगला उपाय त्याच्यापाशी नव्हता. दिलेले राज्यही मूळ स्वराज्याचा एक तुकडा होते. उत्तरेला नीरा आणि भीमा, दक्षिणेला वारणा आणि कृष्णा, पश्चिमेला सह्याद्री, पूर्वेला पंढरपूर-विजापूरकडचा मुलूख, अशी त्याची चौकट होती.

तहातल्या अटी मात्र फार लांबवर पोहोचणाऱ्या होत्या. छत्रपतींनी कंपनीच्या आधिपत्याखाली राहायचे आणि बाहेरच्या कोणाशीही पत्रव्यवहार करायचा तो केवळ कंपनीच्या रेसिडेंटच्या मार्फत. सुरुवातीला हे काम जेम्स ग्रँट पाहत होता. पुढे १८२६ मध्ये मराठ्यांचा इतिहास प्रसिद्ध करणारा ग्रँट डफ तो हाच. १८२२ पर्यंत छत्रपतींच्या नावाने कारभार तोच चालवत होता. पत्रव्यवहाराची ही अट पुढे वीस वर्षांनी फासासारखी आवळली गेली.

गैरसमज ५ : प्रतापसिंह महाराजांवरचा राजद्रोह सिद्ध झाला, म्हणून त्यांना पदच्युत केले.

वस्तुस्थिती : आरोप झाले, सुनावणी झाली नाही. कारभार हाती आल्यावर प्रतापसिंहांनी रस्ते बांधले, शाळा काढल्या, जमाखर्चात स्वतः लक्ष घातले. महाबळेश्वरचे ठिकाण त्यांच्याच राज्यातले. १८२९ मध्ये खंडाळ्याच्या बदल्यात ते कंपनीला दिले गेले आणि तिथे माल्कम पेठ वसली. १८३५ मध्ये कंपनीच्या लंडनमधील संचालकांनी त्यांच्या कारभाराची स्तुती करणारे पत्र आणि मानाची तलवार पाठवण्याचे ठरवले. मुंबई सरकारने ती तलवार त्यांच्यापर्यंत पोहोचूच दिली नाही.

मूळ वाद होता जहागिरींचा. अक्कलकोट, फलटण, भोर, औंध, जत अशा जहागीरदारांवर छत्रपतींचा अधिकार किती, यावरून मुंबई सरकारशी खटके उडत होते. छत्रपती तहाचा आधार घेऊन हक्क मागत होते. या सुमारास आरोप पुढे आले : देशी पलटणीतल्या अधिकाऱ्यांना फितवले, गोव्याच्या पोर्तुगीजांशी संधान बांधले, नागपूरच्या पदच्युत अप्पासाहेब भोसल्यांशी पत्रव्यवहार केला. १८३६ मध्ये तीन इंग्रज अधिकाऱ्यांनी गुप्त चौकशी केली. महाराजांना वकील देऊन, साक्षीदारांची उलटतपासणी घेऊन बचाव मांडण्याची संधी कधीच मिळाली नाही.

ऑगस्ट १८३९ मध्ये मुंबईचा गव्हर्नर सर जेम्स कार्नॅक स्वतः साताऱ्याला आला. गादी राहील, पण कबुलीच्या कागदावर सही करा, असा त्याचा प्रस्ताव होता. प्रतापसिंहांनी नकार दिला. केलेला नाही असा गुन्हा कबूल करून मिळणारे राज्य त्यांनी नाकारले. सप्टेंबर १८३९ मध्ये त्यांना साताऱ्याबाहेर काढून काशीला नेण्यात आले. बरोबर असलेले बाळासाहेब सेनापती वाटेतच वारले. १४ ऑक्टोबर १८४७ रोजी प्रतापसिंहांनी काशीतच देह ठेवला. ज्याला सही करून सुटता आले असते आणि ज्याने सही केली नाही, त्या राजाला फितूर म्हणणे हा अन्याय आहे.

गैरसमज ६ : वारस नव्हता म्हणून सातारा खालसा झाले, आणि हे तत्त्व डलहौसीने शोधून काढले.

वस्तुस्थिती : दोन्ही भाग चूक. प्रतापसिंहांचे भाऊ शहाजी उर्फ अप्पासाहेब यांना नोव्हेंबर १८३९ मध्ये कंपनीने गादीवर बसवले. ५ एप्रिल १८४८ रोजी ते वारले. मृत्यूपूर्वी त्यांनी व्यंकोजी नावाचा मुलगा विधिवत दत्तक घेतला होता. तिकडे प्रतापसिंहांनीही बाळासाहेब सेनापतींचा मुलगा दत्तक घेतला होता. म्हणजे धर्मशास्त्राप्रमाणे वारस होते. प्रश्न होता तो कंपनी दत्तकाला राज्याचा वारस मानते की नाही, एवढाच. मुंबईचा गव्हर्नर सर जॉर्ज क्लार्क याने दत्तक मान्य करावा असे मत दिले होते. त्याच्यानंतर आलेल्या फॉकलंडने उलट मत दिले, डलहौसीने खालसा करण्याची शिफारस केली आणि १८४९ च्या जानेवारीत लंडनच्या संचालकांनी त्यावर शिक्कामोर्तब केले.

डलहौसी गव्हर्नर जनरल म्हणून हिंदुस्थानात आला जानेवारी १८४८ मध्ये. त्याआधीच, अलिबागेच्या आंग्र्यांचे कुलाबा संस्थान याच सबबीखाली कंपनीने घेतले होते. तत्त्व जुने होते. डलहौसीने ते सरसकट वापरले, आणि त्याचा पहिला मोठा घाव साताऱ्यावर बसला.

गैरसमज ७ : सातारच्या गादीसाठी कोणी लढले नाही.

वस्तुस्थिती : लढले, आणि त्यातल्या सर्वांत चिवट माणसाचे नाव ठाणेकरांच्या रोजच्या वाटेवर आहे. जांभळी नाक्याजवळचा रंगो बापूजी चौक आपण बाजारात जाता-येता ओलांडतो. रंगो बापूजी गुप्ते हे प्रतापसिंहांचे वकील. छत्रपतींची बाजू मांडायला ते लंडनला गेले आणि १८५३ पर्यंत तिथे झगडत राहिले. कंपनीच्या भागधारकांच्या सभांत हा प्रश्न पुन्हा पुन्हा गाजला. जोसेफ ह्यूम आणि जॉर्ज थॉम्पसन यांच्यासारखे इंग्रज त्यांच्या बाजूने बोलले. साताऱ्यात पूर्वी रेसिडेंट राहिलेले काही अधिकारीही महाराजांच्या बाजूने उभे राहिले. ज्यांच्यासाठी रंगो बापूजी गेले ते महाराज मधल्या काळात वारले, राज्य खालसा झाले, हाताशी पैसा उरला नाही, तरी त्यांनी खटला सोडला नाही.

अर्जविनंत्यांचा मार्ग संपल्यावर १८५७ मध्ये ते साताऱ्यातल्या उठावाच्या तयारीत होते. कट फुटला. ८ सप्टेंबर १८५७ रोजी साताऱ्याच्या गेंडा माळावर १७ जणांना मृत्युदंड दिला गेला. त्यांत रंगो बापूजींचा मुलगा सीताराम होता. खुद्द रंगो बापूजी इंग्रजांच्या हाती कधीच लागले नाहीत. त्यांना शेवटचे पाहिले ते ठाण्यात आणि इथूनच ते वेषांतर करून निसटले, असे सांगितले जाते. चौकाला त्यांचे नाव आहे ते या नात्याने.

मग एकोणिसाव्या शतकातली राज्यारोहणे वाचायची कशी? सोहळ्याची तारीख जरूर लक्षात ठेवावी, पण तिच्याबरोबर तीन प्रश्न विचारावेत : राजाला गादीवर कोणी बसवले, कोणत्या अटींवर बसवले, आणि उठवण्याचा अधिकार कोणाकडे राहिला. १६७४ मध्ये या तिन्ही प्रश्नांचे उत्तर रायगडावरच होते. १८१८ आणि १८३९ मध्ये ते कंपनीच्या दफ्तरात होते. दरबार भरला, सलामी झडली, म्हणजे राज्य आले असे होत नाही. आणि राज्य गेले म्हणून त्या गादीवरची माणसे कमी योग्यतेची होती, असेही होत नाही.

१८९३ पासून ठाण्यात मराठी ग्रंथसंग्रहालय आहे. प्रबोधनकार ठाकरे यांचे ‘प्रतापसिंह छत्रपती आणि रंगो बापूजी’ हे पुस्तक मिळवून वाचा, मुलांना वाचायला द्या. शिवराज्याभिषेकाची तारीख पाठ करणाऱ्या मुलाला प्रतापसिंहांनी न केलेल्या सहीची गोष्टही सांगा. मराठ्यांचा इतिहास १८१८ पाशी मिटवू नका. पुढची तीस वर्षे वाचणे हे आपले देणे आहे.