खिशातला मुस्तफा

सांगलीच्या एसटी स्टँडजवळच्या एका गल्लीत गेम पार्लर होतं. दाराला मळका पडदा, आत अंधार आणि पाच लाकडी मशिनं. त्यातल्या चौथ्या मशिनपुढे कायम घोळका, कारण तिथे ‘मुस्तफा’ होता. खेळाचं खरं नाव ‘कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स’; जपानच्या कॅपकॉमने तो १९९३ साली काढला. जॅक, हॅना, मुस्तफा आणि मेस अशा चौघांतून एक निवडून मारामारी करत पुढे जायचं. मुस्तफा सगळ्यांत चपळ. पोरांनी अख्ख्या खेळालाच त्याचं नाव देऊन टाकलं, आणि पुढे पुण्या-मुंबईची, अगदी हैदराबाद-दिल्लीची पोरं भेटली तेव्हा कळलं की त्यांच्याकडेही तो मुस्तफाच.

एका नाण्यात किती पुढे जाता यावर गल्लीतली पत ठरायची. तिसऱ्या भागात ती लाल कॅडिलॅक स्वतः चालवायला मिळते. मी तिथवर दोनदा पोचलो. खेळ आठ भागांचा आहे, हे मला फार पुढे समजलं. आणि शेवटचा भाग पाहिला तो पीएसपीवर, लोअर परळच्या लोकलमध्ये उभा असताना, वयाच्या बाविसाव्या वर्षी.

सोनीने पीएसपी बाजारात आणला १२ डिसेंबर २००४ रोजी, जपानमध्ये. अमेरिकेत तो पुढच्या मार्चमध्ये आला. ४.३ इंचाचा रुंद पडदा, ३२ एमबी रॅम, आणि यूएमडी नावाची प्लॅस्टिकच्या कवचातली छोटी तबकडी, जिच्यात जेमतेम १.८ जीबी मावायचं. कंपनीच्या डोक्यात हिशेब सरळ होता: यंत्र घ्या, मग दर खेळाला नवी तबकडी घ्या. आपल्याकडच्या हॉस्टेलवर हा हिशेब बसणं शक्यच नव्हतं. एका नव्या यूएमडीच्या पैशात आमची महिन्याची मेस भागत होती.

जपानमधल्या अगदी पहिल्या यंत्रांना नीट कुलूपच नव्हतं. बाहेरच्या माणसाने लिहिलेला प्रोग्राम ती निमूट चालवत. मे २००५मध्ये हे उघड झालं आणि तिथून चोर-पोलिसांचा खेळ सुरू झाला. कंपनीने नवी आवृत्ती आणली की कुणीतरी नवी फट शोधायचं. एक युक्ती तर हातचलाखीच होती: दोन मेमरी स्टिक घ्यायच्या आणि नेमक्या क्षणी एक काढून दुसरी घालायची. सप्टेंबर २००५मध्ये एका फोटोने कुलूप उघडलं. फाइल टिफ जातीची; ती वाचताना यंत्र अडखळायचं आणि त्या अडखळण्यातून आपला प्रोग्राम आत शिरायचा. मग ‘जीटीए: लिबर्टी सिटी स्टोरीज’ची सेव्ह फाइल. मग २००७च्या जूनमध्ये ‘ल्युमिनेस’ची. ठोकळे जुळवायचा हा गोड खेळ एव्हाना दुकानांत धूळ खात पडला होता. त्याला अचानक मागणी आली ती केवळ किल्ली म्हणून.

या सगळ्यात एक नाव आमच्या हॉस्टेलवर आदराने घेतलं जायचं: डार्क अलेक्स. हा स्पेनचा पठ्ठ्या. कंपनीचं मूळ सॉफ्टवेअर घेऊन, त्यातलं चांगलं तेवढं ठेवून आणि कुलूप काढून, तो स्वतःची आवृत्ती बनवायचा. कंपनीच्या नव्या सोयीही हव्यात आणि मोकळीकही हवी, अशी दोन्ही डगरींवर हात ठेवायची सोय त्याने २००६पासून करून दिली. नोव्हेंबर २००६मध्ये सोनीने जुन्या प्लेस्टेशनचे खेळ पीएसपीवर चालवायची व्यवस्था केली, पण फक्त कंपनीकडून विकत घेतलेले. थोड्याच दिवसांत डार्क अलेक्सच्या आवृत्तीत आपल्या कपाटातल्या सीडीवरचा खेळही चालू लागला. ‘टेकन थ्री’ हातात आला. पार्लरमध्ये तासाचे पैसे मोजून खेळलेला एडी, बटणं कशीही बडवली तरी जिंकणारा, तो आता खाटेवर पडल्या पडल्या.

आता खरं सांगतो. जुन्या खेळांवरच्या प्रेमापोटी आमच्यापैकी कुणीही कुलूप तोडलं नव्हतं. नवे खेळ फुकट मिळतात, एवढंच कारण. एका मित्राच्या घरी बीएसएनएलचं डेटावन होतं. त्यात रात्री दोन ते सकाळी आठ डाउनलोड फुकट. तो दोनचा गजर लावून उठायचा, खेळ उतरायला लावायचा आणि परत झोपायचा. सकाळी सीडीवर भरून आणायचा. प्रेमबीम सगळं नंतरचं.

पहिला पीएसपी आला २००६मध्ये. मित्राच्या काकांनी दुबईहून आणलेला, जाडा, काळा. कुलूपबंद नवी आवृत्ती काढून फट असलेली जुनी घालायचा प्रयोग आम्ही रात्री अकराला सुरू केला. बॅटरी जुनी झालेली, म्हणून चार्जर लावून. पट्टी साठ टक्क्यांपर्यंत गेली आणि वीज गेली. पडदा काळा. वीज आली, पडदा काळाच. हिरवा दिवा लागायचा आणि काही क्षणांत विझायचा. अशा मेलेल्या यंत्राला सगळे ‘ब्रिक’ म्हणतात, म्हणजे वीट. पंढरपूरच्या विटेवर निदान विठोबा तरी उभा आहे. ही वीट वर्षभर मित्राच्या ट्रंकेत पडून राहिली आणि काकांना ‘छान चाललाय’ असं सांगितलं गेलं.

आमचं आम्हीच केलं होतं, पण आदल्या वर्षी काहींचं मुद्दाम केलं गेलं. ऑक्टोबर २००५मध्ये ‘हे चालवा, कुलूप उघडेल’ म्हणत एक प्रोग्राम फिरला, जो यंत्रातल्या कामाच्या फाइली पुसून टाकायचा. फुकटच्या लोभात किती जणांच्या विटा झाल्या कोण जाणे.

ऑगस्ट २००७मध्ये पॅन्डोराची बॅटरी आली. या कहाणीतला हा सगळ्यांत देखणा डाव, असं माझं मत आजही आहे. सोनीच्या दुरुस्ती केंद्रात मेलेली यंत्रं जिवंत करायला एक खास बॅटरी वापरत. प्रत्येक बॅटरीत एक अनुक्रमांक असतो; त्या खास बॅटरीचा क्रमांक दिसला की यंत्र समजायचं, कारागीर आलाय. मग ते स्वतःचं सॉफ्टवेअर बाजूला ठेवून थेट मेमरी स्टिकवरचं वाचायला लागायचं. हे गुपित फुटलं आणि घरोघरी कारागीर झाले.

दिवाळीच्या सुट्टीनंतर आम्ही ट्रंकेतून वीट काढली. बॅटरीचं कवच ब्लेडने शिवणीवर उकललं. आत चांदीच्या रंगाची पिशवी आणि कडेला बोटभर पट्टी, तिच्यावर आठ पायांची तांदळाएवढी चिप. तिचा पाचवा पाय उचलायचा. पुण्याच्या तापकीर गल्लीतून आणलेला बारीक चिमटा होता, भिंग एका मित्राच्या आजोबांचं, आणि हात कापतोय. पाय सुटला की यंत्राला क्रमांक वाचता येत नाही, त्याजागी नुसते ‘१’चे आकडे दिसतात, आणि तोच तर कारागिराचा क्रमांक. इतकी साधी गोष्ट! बॅटरी घातली. काळ्या पडद्यावर पांढरी अक्षरं आली. डार्क अलेक्सने या दुरुस्तीच्या प्रोग्रामला स्पॅनिशमध्ये नाव दिलं होतं, त्याचा अर्थ ‘स्मशानाला जाग’. मित्राने फुली दाबली आणि वर्षभर मेलेला पीएसपी उठून बसला. त्या रात्री काकांना फोन गेला, अगदी खराखुरा ‘छान चाललाय’ सांगणारा.

माझा स्वतःचा पीएसपी २००८चा, पहिल्या पगारातला, सडपातळ दोन हजार क्रमांकाचा. नशीब की घाई केली. त्याच सुमारास कंपनीने यंत्राच्या नव्या सर्किट पाट्यांमध्ये बॅटरीची ही खोड मोडली, आणि वर्षअखेर आलेल्या तीन हजार क्रमांकाच्या यंत्रांवर तर पॅन्डोरा चाललीच नाही. नव्या यंत्रांच्या मालकांची खरी सुटका झाली २०११च्या सुरुवातीला, तीही मोठ्या भावामुळे. डिसेंबर २०१०मध्ये बर्लिनच्या एका परिषदेत प्लेस्टेशन ३ची सही कशी फुटते हे दाखवलं गेलं: दर वेळी नवा घ्यायचा गुप्त आकडा कंपनी दर वेळी तोच वापरत होती. त्या यंत्राच्या पोटातून पीएसपीच्या किल्ल्याही निघाल्या. मग कुणाचाही प्रोग्राम कंपनीच्याच सहीने चालू लागला. पुढची वर्षं त्या मानाने मिळमिळीत. चुरस संपली होती.

नोकरी लोअर परळला, राहणं डोंबिवलीला, रोजचे तीन तास गाडीत. नवे खेळ लोकलमध्ये जमेनात. ‘गॉड ऑफ वॉर’ला दोन्ही हात आणि सगळं लक्ष लागतं, दादरला ते कुणाकडेच नसतं. तिथे जुने खेळ कामी आले. गेम बॉय ॲडव्हान्ससाठीचा जीपीएसपी, सुपर निन्टेन्डोसाठीचा स्नेस नाइन एक्स, आणि एनजे या नावाने लिहिणाऱ्या जपानी माणसाचा सीपीएस-वनचा एम्युलेटर. एम्युलेटर म्हणजे बहुरूपी. एका यंत्राला दुसऱ्या यंत्राचं सोंग घ्यायला लावणारा प्रोग्राम. सीपीएस ही कॅपकॉमची पार्लरमधली पाटी, म्हणजेच मुस्तफाचं घर.

पडद्याचं गणितही जुळून आलं होतं. पीएसपीचा पडदा ४८० ठिपके रुंद आणि २७२ उंच. मुस्तफाचं मूळ चित्र ३८४ बाय २२४. म्हणजे चित्रातला एक ठिपका पडद्यावरही एकच ठिपका, ताणाताण नाही, वर भोवती थोडी काळी चौकट. पार्लरच्या फुगीर काचेवरही तो इतका रेखीव कधी दिसला नव्हता. गेम बॉय ॲडव्हान्सचं मात्र बिनसतं: त्याचं २४० बाय १६०चं चित्र दुप्पट केलं की रुंदी नेमकी बसते आणि उंची बाहेर जाते. मग ताणा किंवा अर्धवट मोठं करा. बारीक डोळ्यांची माणसं यावरून तासन्‌तास भांडू शकतात आणि मीही भांडलोय.

तर लोकलमध्ये मुस्तफा. सिलेक्टचं बटण दाबलं की नाणं पडतं. कितीही वेळा दाबा. कुर्ल्याला तिसरा भाग, ठाण्याला पाचवा, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी लोअर परळला उतरायच्या आत डॉक्टर फेसेन्डेन नावाचा शेवटचा राक्षस मेला. लहानपणी ज्याच्यासाठी दूध आणायच्या पैशातून रुपया मारला, तो खेळ चाळीसेक फुकट नाण्यांत संपला. मला काहीच वाटलं नाही. तेव्हा माझ्या कार्डावर साडेसातशे खेळ होते. त्यांतले सातशे मी एकेकदा उघडून बंद केले असतील. साठवणीचा हा हव्यास हा फोडलेल्या यंत्राचा खरा रोग आहे, आणि त्यावर कोणत्याही आवृत्तीत इलाज आला नाही.

कायद्याच्या बाजूने माझं फारसं खरं नाही. आपल्या १९५७च्या कॉपीराइट कायद्यात रीतसर आपल्या असलेल्या संगणक प्रोग्रामची राखीव प्रत ठेवायला मुभा आहे. २०१२च्या दुरुस्तीने हक्कभंगाच्या हेतूने डिजिटल कुलूप तोडणं शिक्षेला पात्र ठरवलं. सीडी माझ्या होत्या, पण मुस्तफाची पाटी माझी कधीच नव्हती. दुसरी बाजूही सांगतो. कॅपकॉमने आपल्या जुन्या खेळांचे कितीतरी संच पुन्हा विकले, त्यांत मुस्तफा नाही. मूळ चित्रकथा मार्क शुल्ट्झची, गाडीचं नाव जनरल मोटर्सचं. एवढ्या जणांची मोट बांधणार कोण? रीतसर पैसे मोजायची माझी आजही तयारी आहे, फक्त गल्ल्यावर कुणी बसलेलं नाही.

सोनीने २०१४मध्ये पीएसपीचा गाशा गुंडाळला. शेवटची अधिकृत आवृत्ती, ६.६१, जानेवारी २०१५ची. जुलै २०२१मध्ये पीएसपीवरून होणारी उरलीसुरली ऑनलाइन खरेदीही बंद झाली. आज जो पीएसपी चालतोय, तो बहुतेक करून फोडलेला आहे. यूएमडीची मोटर घरघरते, तबकड्यांची कवचं सुटतात. कार्डावरून खेळणाऱ्याला त्याचं काही नाही. ज्या मेमरी स्टिक सोन्याच्या भावाने घेतल्या, त्यांच्या जागी आता दोन मायक्रोएसडी पोटात घेणारा स्वस्त अडॉप्टर बसतो.

माझा पीएसपी २०१३ ते २०२० टेबलाच्या खणात होता. लॉकडाउनमध्ये लेकीने तो शोधून काढला. मागचं झाकण अर्धं वर आलेलं, बॅटरी पुरीसारखी फुगलेली. यंत्राला सुदैवाने काही झालं नव्हतं. नव्या बॅटरीने तो लगेच उठला, आणि मेनूत मुस्तफा जिथे ठेवला होता तिथेच. आता घरात नियम आहे: सिलेक्टचं बटण दिवसाला तीन वेळा. त्यासाठी बाजूला तीन खरी नाणी ठेवलेली असतात, दाबलं की एक डबीत टाकायचं. लेक मेसला घेऊन खेळते, मुस्तफा तिला दुबळा वाटतो. यावर आमचं पटत नाही. तीन नाण्यांत ती पाचव्या भागापर्यंत पोचली आहे, मी चौथ्या.

तुमच्याही माळ्यावर किंवा खणात एखादा पीएसपी पडला असेल. खेळ, आवृत्ती, कार्ड हे सगळं नंतर बघा. आज घरी गेलात की आधी त्याची बॅटरी काढून ठेवा, आणि फुगली असेल तर ती कचऱ्याच्या डब्यात न टाकता ई-कचरा घेणाऱ्याकडे द्या.