शाश्वतता विज्ञान आणि पर्यावरण नेतृत्व : रायपूरच्या भातसंग्रहाचे उदाहरण

प्रस्तावना

पुढच्या पिढ्यांची साधने न संपवता आजच्या गरजा कशा भागवाव्यात, यासाठी निसर्ग आणि समाज यांच्या परस्परसंबंधांचा केलेला अभ्यास म्हणजे शाश्वतता विज्ञान. रॉबर्ट केट्स व सहकाऱ्यांनी २००१ मध्ये 'सायन्स' या नियतकालिकात त्याची मांडणी केली. भारतात सर्वोच्च न्यायालयाच्या १९९१ च्या आदेशानंतर पुढे पदवी पातळीवर पर्यावरण अभ्यास अनिवार्य झाला. मात्र विषयाची माहिती असणे वेगळे आणि वेळ आल्यावर योग्य निर्णय घडवून आणणे वेगळे. हा फरक रायपूरच्या उदाहरणावरून समजून घेऊ.

संग्रह कसा उभा राहिला?

कटकच्या केंद्रीय भात संशोधन संस्थेचे माजी संचालक डॉ. आर. एच. रिछारिया यांनी १९७० च्या दशकात रायपूरच्या मध्य प्रदेश भात संशोधन संस्थेत काम केले. छत्तीसगड व आसपासच्या भागांतून भाताचे सुमारे १९ हजार नमुने त्यांनी गोळा केले.

इतके वाण का? इथली जमीन शेतागणिक बदलते. मुरमाड 'भाटा' जमिनीत पाणी टिकत नाही, म्हणून तिथे हळवे भात लागते. भारी 'कन्हार' जमिनीत ओल टिकते, तिथे गरवे भात चालते. प्रत्येक वाण म्हणजे त्या शेतासाठी शेतकऱ्यांनी पिढ्यान्‌पिढ्या केलेली निवड आहे.

२००२ चा प्रश्न

पुढे हा संग्रह रायपूरच्या इंदिरा गांधी कृषी विद्यापीठाकडे आला. २००२ मध्ये विद्यापीठ आणि सिंजेंटा ही बहुराष्ट्रीय कंपनी यांच्यात संयुक्त संशोधनाच्या कराराची बोलणी सुरू असल्याचे उघड झाले. करार झाला असता तर संग्रहातील वाणांपर्यंत कंपनीला पोहोचता आले असते. शेतकरी संघटना, कार्यकर्ते आणि काही शास्त्रज्ञांनी विरोध केला. वर्ष संपण्यापूर्वीच कंपनीने माघार घेतली.

दोन्ही बाजू पाहिल्या पाहिजेत. संशोधनाला पैसा लागतो आणि नुसते साठवून ठेवलेले बियाणे शेतकऱ्याच्या उपयोगी पडत नाही. पण ज्यांनी वाण जपले, त्यांना न विचारता ते देण्याचा अधिकार कोणाचा?

नेतृत्वासाठी लागणाऱ्या पाच क्षमता

आर्निम विक व सहकाऱ्यांनी २०११ मध्ये मांडलेल्या क्षमता या प्रसंगाला अशा लागू होतात :

१. समग्र विचार : माती, पाणी, वाण आणि बाजार यांचे नाते ओळखणे.
२. भविष्यवेध : वाण हातचे गेले तर दुष्काळात काय उरेल, याचा अंदाज घेणे.
३. मूल्यविचार : लाभ कोणाला आणि हानी कोणाला, हे तपासणे.
४. व्यूहरचना : वाण संरक्षण व शेतकरी हक्क कायदा (२००१), जैवविविधता कायदा (२००२) यांचा वापर करणे.
५. संवाद : शेतकरी, शास्त्रज्ञ आणि प्रशासन यांना एकत्र बसवणे.

पहिल्या दोन क्षमता वर्गात बऱ्याच अंशी शिकवता येतात. उरलेल्या तीन मात्र गावात, शेतकऱ्यांसोबत काम करूनच अंगी येतात. म्हणून अभ्यासक्रमात क्षेत्रकार्याला खरे गुण हवेत.

स्वाध्याय

आपल्या तालुक्यातील तीन पारंपरिक वाणांची माहिती वयस्कर शेतकऱ्यांकडून घ्या. ती नोंद कोणाच्या मालकीची, हे त्यांच्याशी बोलून ठरवा आणि कारणे लिहा.