बगळा की पताका?

अनुभवी जवाहिऱ्याविषयी ‘त्यांना नजर आहे’ असे आपण म्हणतो, तेव्हा त्या म्हणण्याचा डोळ्यांच्या तीक्ष्णतेशी काही संबंध नसतो. जाड भिंगांचा चष्मा लावणारे सत्तरीचे गृहस्थ उत्तरेकडच्या खिडकीशी बसून, पांढऱ्या कागदावर मांडलेल्या दहा हिऱ्यांतून किंचित पिवळट झाक असलेला एक अचूक बाजूला सारतात. शेजारी बसलेल्या नातवाचे डोळे कितीतरी निरोगी. पण त्याला ते दहाही सारखेच दिसतात. कापडाच्या पेढीवरही हाच अनुभव. दिव्याखाली साडीशी जुळलेला ब्लाउजपीस दिवसाउजेडी जुळेलच असे नाही, हे मुरलेल्या दुकानदाराला ठाऊक असते. म्हणून गिऱ्हाईक साडी घेऊन उंबऱ्यापर्यंत जाऊ लागले तर तो अडवत नाही. बँकेतील माझ्या नोकरीच्या काळात असे रोखपाल मी पाहिले, की ज्यांचा हात नोटांची थप्पी मोजता मोजता एकाच नोटेपाशी थबके. का थबकलात, असे विचारले तर उत्तर लगेच देता येत नसे. संशय आधी येई, कारण मागाहून सापडे.

या सर्वांत डोळ्याचा वाटा किती आणि शिकण्याचा किती? प्रश्न तीनशे वर्षांहून जुना आहे. त्याचे सर्वांत विश्वसनीय उत्तर मात्र अलीकडे, दिल्लीतील दर्यागंजच्या एका धर्मादाय नेत्ररुग्णालयातून मिळाले, आणि त्या उत्तराचा संबंध आपल्या घरातील तान्ह्या मुलांशी आहे.

आधी डोळ्याच्या खात्यावर प्रत्यक्षात जमा किती होते ते पाहू. हात लांब करून अंगठ्याचे नख समोर धरा. नजरेच्या साऱ्या विस्तारात सुस्पष्ट दिसणारा भाग जेमतेम तेवढा, दोन नखांएवढा म्हणा हवे तर. उरलेले सारे धूसर. डोळा सेकंदाला साधारण तीन वेळा जागा बदलतो आणि हे तुकडे गोळा करतो. आपल्याला मात्र संपूर्ण खोली एकदम, स्वच्छ दिसते असे वाटते. शिवाय प्रत्येक डोळ्यात मज्जातंतू बाहेर पडतात त्या ठिकाणी काहीच दिसत नाही. एदम मारिओत या फ्रेंच शास्त्रज्ञाने सतराव्या शतकात हा ‘अंधबिंदू’ दाखवून दिला. घरी करून पाहण्यासारखा प्रयोग आहे. चोपडीच्या रेघी पानावर, एकाच रेघेवर, डावीकडे फुली आणि तिच्या उजवीकडे सात सेंटीमीटरवर ठसठशीत ठिपका काढा. डावा डोळा झाकून उजव्याने फुलीकडेच पाहत पान हळूहळू जवळ आणा. सुमारे वीतभर अंतरावर ठिपका नाहीसा होतो. नवल पुढेच आहे: ठिपक्याच्या जागी भोक दिसत नाही, रेघ अखंड दिसते. न आलेली रक्कम मनाने परस्पर जमा करून टाकलेली असते! असा जमाखर्च हिशेबतपासनिसाने एक दिवस चालू दिला नसता. पण आपला सारा दिवस त्यावर सुरळीत चालतो.

मग हा जमाखर्च मन शिकते कधी? विल्यम मॉलिन्यू हे डब्लिनचे विद्वान. विवाहानंतर थोड्याच काळात त्यांच्या पत्नीची दृष्टी गेली होती. १६८८ साली त्यांनी इंग्लंडमधील तत्त्वज्ञ जॉन लॉक यांना पत्राने एक प्रश्न विचारला. एक मनुष्य जन्मांध आहे. हाताने चाचपून गोल आणि घन ओळखायला तो शिकला आहे. त्याला अकस्मात दृष्टी आली आणि ते दोन्ही मेजावर ठेवले, तर हात न लावता, केवळ पाहून, गोल कोणता आणि घन कोणता हे त्याला सांगता येईल काय? लॉक यांनी १६९४ साली आपल्या ग्रंथाच्या दुसऱ्या आवृत्तीत हा प्रश्न घेतला. येणार नाही, असे दोघांचेही मत होते.

मत झाले, पुरावा कुठे? १७२८ साली लंडनचे शल्यचिकित्सक विल्यम चेसल्डन यांनी तेरा-चौदा वर्षांच्या एका मुलाची हकीकत प्रसिद्ध केली. अगदी लहानपणापासून मोतीबिंदूने अंध असलेल्या या मुलाला शस्त्रक्रियेने दृष्टी मिळाली. आरंभी त्याला अंतर कळेना. जे जे दिसे ते डोळ्यांना चिकटलेले आहे असे वाटे. घरचे मांजर आणि कुत्रे यांतले कोणते कोणते हे तो विसरे आणि विचारायला लाजे. अखेर एकदा मांजराला पकडून, चाचपून, त्याच्याकडे एकटक पाहत त्याने त्याची ओळख पक्की करून घेतली. चित्र ही रंगीत पृष्ठभागापलीकडची काही वस्तू आहे हे समजायला त्याला दोन महिने लागले. समजल्यावर तो चित्राला हात लावू लागला, आणि उंचवटे लागत नाहीत हे पाहून त्याने विचारले, खोटे कोण सांगते आहे, स्पर्श की दृष्टी?

पण एका मुलावरून सिद्धान्त होत नाही. युरोप-अमेरिकेत असा मोतीबिंदू आता तान्हेपणीच काढला जातो. तेथे दहा-बारा वर्षे अंध राहिलेले आणि तरीही बरे होऊ शकेल असे मूल मिळणे कठीण. आपल्या देशात ते मिळते. ही अभिमानाने सांगण्याची गोष्ट नव्हे. अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीचे प्राध्यापक पवन सिन्हा यांनी या शतकाच्या पहिल्या दशकात ‘प्रोजेक्ट प्रकाश’ सुरू केला. उत्तर भारतातील खेड्यांतून अशी मुले शोधायची, दर्यागंजच्या डॉ. श्रॉफ चॅरिटी आय हॉस्पिटलमध्ये त्यांच्यावर विनामूल्य उपचार करायचे आणि ती पाहायला कशी शिकतात याचा अभ्यास करायचा. सेवा आणि संशोधन एकाच खात्यात!

मॉलिन्यूंच्या प्रश्नाची परीक्षा येथे पाच मुलांवर झाली. वय आठ ते सतरा. शस्त्रक्रियेनंतर दोन दिवसांच्या आत, खेळण्यातील ठोकळ्यांसारख्या वस्तूंच्या जोड्या वापरून. पाहिलेली वस्तू पुन्हा पाहून ओळखण्यात आणि चाचपलेली पुन्हा चाचपून ओळखण्यात मुलांनी शंभरापैकी नव्वदाहून अधिक गुण मिळवले. म्हणजे डोळे काम करीत होते, हातही. पण हाताने चाचपलेली वस्तू डोळ्याने ओळखायला सांगितली तेव्हा यश अठ्ठावन्न टक्क्यांवर आले. नाणे उडवून उत्तर दिले असते तरी पन्नास मिळाले असते. हाताची वही आणि डोळ्याची वही वेगवेगळी, एकीतली नोंद दुसरीत नाही. मात्र ज्या मुलांची काही दिवसांनी पुन्हा परीक्षा घेता आली त्यांचे उत्तर कितीतरी सुधारले होते. कोणी शिकवणी घेतली नव्हती. २०११ साली हा निष्कर्ष प्रसिद्ध झाला: उपजत मेळ नाही, पण मेळ बसायला विलंबही नाही.

जाता जाता एक सांगावेसे वाटते. आपल्या पाचशेच्या नोटेच्या दोन्ही कडांना पाच-पाच तिरप्या, उठावाच्या रेषा असतात. अंध व्यक्तीला बोटांनी नोट ओळखता यावी म्हणून त्या आहेत. डोळस मनुष्य ती नोट आयुष्यभर हाताळतो आणि त्या रेषा त्याच्या बोटांना कधी जाणवत नाहीत. डोळ्याने आधीच काम उरकलेले असते.

दृष्टी मिळाल्यानंतरच्या पहिल्या दिवसांत अशा व्यक्तींना दिसते तरी काय? पाहत्या माणसाला चेंडू एक दिसतो. त्यांना त्याचा उजळ भाग एक वस्तू आणि सावलीतला भाग दुसरी वस्तू वाटतो. एकावर एक ठेवलेल्या दोन आकृतींचे तीन तुकडे होतात. जगाच्या चित्रातून वस्तू सुट्या होत नाहीत. पण तेच चित्र हलू लागले, की प्रकार बदलतो. जे तुकडे एकत्र हलतात ते एका वस्तूचे, हे त्यांच्या लक्षात येते, आणि आकृती चित्रातून वेगळी निघते. काही महिन्यांनी स्थिर चित्रेही कळू लागतात. गती ही पाहण्याची पहिली गुरू ठरली.

हे वाचताना मला आपल्या शास्त्रातील एका उदाहरणाची आठवण झाली. तत्त्वार्थसूत्र सर्व संप्रदायांना मान्य. त्यात इंद्रियांनी होणाऱ्या मतिज्ञानाच्या चार पायऱ्या आहेत: अवग्रह, ईहा, अवाय आणि धारणा. पाठशाळेत आपण सर्वांनी त्या पाठ केल्या. अर्थाकडे बहुधा दुर्लक्षच केले. आचार्य पूज्यपादांनी सर्वार्थसिद्धी या टीकेत त्या उलगडून दाखवल्या आहेत. दूरवर काही पांढरे दिसले, हा अवग्रह. ते बगळ्यांचे आहे की पताकेचे, असा शोध मनाने सुरू केला, ही ईहा. मग वर उडणे, खाली येणे, पंख हलवणे यांवरून तो बगळाच आहे, पताका नव्हे, असा निश्चय झाला, हा अवाय. आणि सकाळी पाहिला तोच हा, असे पुढे ओळखू आले, ती धारणा. निश्चय कशावरून झाला हे पाहावे. रंगावरून नाही, आकारावरूनही नाही, हालचालीवरून.

आपल्या पूर्वजांना आधुनिक विज्ञान आधीच ठाऊक होते, असे म्हणण्याचा मोह येथे होऊ शकतो. तो मला रुचत नाही. आचार्यांचा विषय ज्ञानाचे स्वरूप हा होता, नेत्रचिकित्सा नव्हे. पण दिसणे आणि ओळखणे यांच्यामध्ये पायऱ्या आहेत आणि त्या चढाव्या लागतात, हे त्यांनी किती बारकाईने न्याहाळले होते! उत्तम जवाहिरा नातवाला हेच शिकवीत असतो: आधी नुसते पाहा, मग शंका घे, मग ठरव, आणि ठरवलेले लक्षात ठेव. बरीचशी फसगत दुसरी पायरी गाळल्याने होते.

सारेच शिकावे लागते असेही नाही. समान लांबीच्या दोन रेघा आजूबाजूच्या तिरप्या रेषांमुळे लहान-मोठ्या भासतात, ती चित्रे आपण पाहिली आहेत. हा भ्रम अनुभवातून येतो, असे फार काळ मानले जाई. सिन्हांच्या सहकाऱ्यांनी नुकतीच दृष्टी मिळालेल्या मुलांना ती चित्रे दाखवली, तेव्हा तीही तत्काळ तशीच फसली. २०१५ साली हे प्रसिद्ध झाले. म्हणजे काही भांडवल जन्मतःच पदरी असते.

आता वयाचा प्रश्न. डेव्हिड ह्यूबेल आणि टॉर्स्टन विझेल यांनी मांजराच्या पिलांची एक पापणी शिवून ठेवली. आरंभीचे आठवडे तसे गेले तर पुढे तो डोळा उघडूनही मेंदू त्याच्याकडून काही घेत नाही, असे त्यांना आढळले. १९८१ साली त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले. हे ज्ञान हिंसेतून आले आहे, आणि ते लिहिताना माझी लेखणी अडखळते. परंतु त्याचा लाभ जगभरातील बालकांना झाला हेही खरे. त्यावरून पुढे असा समज रूढ झाला, की सात-आठ वर्षांनंतर जन्मांध मुलावर शस्त्रक्रिया करून उपयोग नाही. दिल्लीच्या कामाने तो समज पुष्कळसा खोडून काढला. उशिरा आलेली मुलेही चालणे-फिरणे, वस्तू आणि माणसे ओळखणे शिकतात. मात्र बारीक अक्षर वाचण्याइतकी तीक्ष्णता बहुतेकांना पूर्ण येत नाही. ते नुकसान भरून निघत नाही.

म्हणून वेळेला मोल आहे. दाट जन्मजात मोतीबिंदू असल्यास शस्त्रक्रिया आयुष्याच्या पहिल्या सहा ते आठ आठवड्यांच्या सुमारास व्हावी, असे नेत्रतज्ज्ञ सांगतात. आपल्याकडे सव्वा महिन्यापर्यंत बाळबाळंतीण घराबाहेर पडत नाहीत. नेमका तोच काळ हातातून जातो. बाळाची बाहुली काळी न दिसता पांढुरकी दिसणे, तीन महिन्यांचे झाले तरी आईच्या चेहऱ्यावर नजर न ठरणे, डोळे सतत भिरभिरणे, यांपैकी काहीही आढळले तर वाट पाहू नये. पांढरी बाहुली हे डोळ्यातील कर्करोगाचेही लक्षण असू शकते, त्यामुळे ‘मोठे झाल्यावर पाहू’ हे उत्तर येथे चालत नाही. गर्भारपणी आईला झालेला रुबेला हेही अशा मोतीबिंदूचे एक कारण आहे. मुलींना त्याची लस वेळेवर मिळाली की नाही, हे घरातील वडीलधाऱ्यांनी विचारायला हरकत नाही.

आपला समाज नेत्रशिबिरांवर सढळ हाताने खर्च करतो. पण ती शिबिरे बहुतांशी आजी-आजोबांसाठी असतात. फलकावर ‘मोतीबिंदू’ वाचून तान्हे मूल घेऊन कोणी येत नाही, कारण मुलांना मोतीबिंदू होतो हेच पुष्कळांना ठाऊक नसते. फलकावर एक ओळ वाढवायला खर्च येत नाही. २०१३ साली आपल्या पालघरहून सुरू झालेल्या राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात जन्मजात मोतीबिंदूचा समावेश आहे. शिबिरात असे मूल आढळले, तर त्याला तेथपर्यंत किंवा बालनेत्रतज्ज्ञापर्यंत पोहोचवणारा एक कार्यकर्ता नेमता येतो. खेड्यातील आईबापांना शस्त्रक्रियेच्या खर्चापेक्षा शहरातला मुक्काम आणि बुडणारी मजुरी अधिक जड जाते. आपल्या धर्मशाळा त्यासाठी उघडता येतील.

शस्त्रक्रियेनंतरचे काम लांबते. अगदी लहान बाळाला पुष्कळदा कृत्रिम भिंग बसवत नाहीत; जाड चष्मा सतत लावावा लागतो आणि वाढीबरोबर त्याचा नंबर बदलतो. एक डोळा दुबळा असेल तर चांगल्या डोळ्यावर डॉक्टर सांगतील तितके तास पट्टी बांधतात, म्हणजे दुबळ्याला काम करावेच लागते. मूल रडते, आजीला दया येते, पट्टी निघते. घरातील कोणा एकाने हा हिशेब आपल्याकडे घ्यावा आणि भिंतीवरच्या कॅलेंडरवर रोजचे तास मांडावेत. पुढच्या तपासणीला डॉक्टर पहिल्यांदा तेच विचारतात.