कवच रचण्याचा दिवस

सकाळी ६
चहा झाला की लगेच टेबलापाशी बसते. समोरच्या भिंतीवर हिंदोळचा नकाशा लावलेला आहे. माझ्या कादंबरीतला हा प्रदेश म्हणजे अथांग दरीच्या काठावरची नऊ पठारं. दरीतून वादळं उसळतात, कडे ढासळतात, रात्रीत गावं नाहीशी होतात. तरी तिथे माणसं नांदतात, कारण पठारांवर ऊर्जेचं कवच आहे. त्या कवचाचे नियम आज पक्के करायचे आहेत. अद्भुतकथेत काहीही खपतं, हे मला मान्य नाही. वाचक अशक्य गोष्ट आनंदाने मान्य करतो. तिचे नियम सोयीप्रमाणे बदलले, की तो पुस्तक मिटतो.

सकाळी ८
पहिला प्रश्न ऊर्जेचा. ती येते कुठून? याचं उत्तर शोधताना मी आपल्या पृथ्वीच्या खऱ्या कवचाकडे वळते. पृथ्वीच्या गाभ्यातलं वितळलेलं लोखंड सतत हलत असतं, त्यातून चुंबकीय क्षेत्र तयार होतं आणि सेकंदाला सुमारे ४०० किलोमीटर वेगाने येणारा सौरवारा बराचसा बाजूला वळतो. हे कवच सूर्याच्या बाजूला दाबलं जातं, रात्रीच्या बाजूला दूरवर ताणलं जातं. सप्टेंबर १८५९ मधल्या सौरवादळात ते किती हादरलं, याची नोंद मुंबईच्या कुलाबा वेधशाळेत झाली. पुढे विजेच्या ट्रामचा व्यत्यय मोजमापात येऊ नये म्हणून १९०४ मध्ये अलिबागला चुंबकीय वेधशाळा उभी राहिली. १३ मार्च १९८९ रोजी अशाच एका वादळाने कॅनडातल्या क्वेबेक प्रांताची वीज घालवली. म्हणजे कवच असलं तरी धोका संपत नाही, आणि कुणीतरी रोज त्याच्या नोंदी ठेवाव्याच लागतात. हिंदोळच्या प्रत्येक पठारावर मी एक नोंदघर काढते.

सकाळी १०
दुसरा प्रश्न: कवच काय अडवतं आणि काय आत सोडतं? फ्रँक हर्बर्ट यांच्या १९६५ च्या ‘ड्यून’ने याचं फार उत्तम उत्तर दिलं आहे. तिथलं अंगावरचं कवच वेगाने येणारा वार अडवतं, सावकाश शिरणारं पातं मात्र आत जाऊ देतं. एवढ्या एका नियमाने त्या जगातली लढाई बदलते. गोळीला किंमत उरत नाही, सुरी चालवण्याचं कौशल्य पुन्हा मोलाचं ठरतं. किरणशस्त्र कवचाला लागलं तर महास्फोट होतो, म्हणून ते वापरायला सगळेच कचरतात. वाळवंटात कवच सुरू केलं की महाकाय कृमी धावून येतात. कवचाची मर्यादा ठरली की त्या समाजाच्या रीतीही त्यातूनच ठरत जातात.

दुपारी १
जेवताना भाचीला कालची पानं वाचून दाखवते. तिचा पहिलाच प्रश्न येतो, “मावशी, कवचातून पाऊस आत येतो का?” मी म्हणते, “येऊ दिला तर वादळही येईल.” ती म्हणते, “मग नाचणी कशी पिकते तिथे?” हात धुतल्यावर आधी हेच लिहून ठेवते: मृगाच्या सुमारास हिंदोळमध्ये ठरावीक घटका कवच पातळ करतात. त्या वेळी गुरं गोठ्यात, पोरं घरात आणि पहारेकरी कड्यावर. पेरणी आणि भीती एकाच दिवशी येतात. कादंबरीतला पहिला सण मला इथे सापडला.

दुपारी ३
आता सगळ्यात कठीण भाग. कवचाचा भार कोण सोसतं? इथे मला कोयना आठवते. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे कोयनानगर भूकंपाने उद्ध्वस्त झालं. कोयनेच्या जलाशयामुळे तिथल्या भूकंपांना चालना मिळते, असं भूकंपशास्त्रज्ञ मानतात. कोयनेच्या धरणावर तयार झालेली वीज महाराष्ट्रभर पोहोचली. धरणासाठी गावं उठली ती मात्र त्या खोऱ्यातली. हिंदोळमध्येही ऊर्जा एकाच पठारावर साठवली जाते आणि तेच पठार सगळ्यांत जास्त हादरतं. आठ पठारं निश्चिंत झोपतात, नववं रात्रभर जागं असतं. कादंबरीचा संघर्ष मला इथेच हवा आहे. बाहेरच्या राक्षसाची गरजच नाही.

संध्याकाळी ५
कारभार कुणाच्या हाती द्यायचा? शिवकालीन किल्ल्यांवर हवालदार, सबनीस आणि कारखानीस असे तीन अधिकारी असत. सगळी सत्ता एकाकडे नसल्यामुळे एक फितूर झाला तरी किल्ला सहज जात नसे. कवचालाही मी तीन अधिकारी नेमते. एकाकडे चाव्या, दुसऱ्याकडे हिशेब, तिसऱ्याकडे ऊर्जेचा साठा. तिघांपैकी एक जण तरी नवव्या पठारावरचा असलाच पाहिजे, ही अट कादंबरीची नायिका शेवटी मान्य करून घेते.

संध्याकाळी ७
दिवेलागणीला शेजारच्या घरातून रामरक्षा ऐकू येते. या स्तोत्राला वज्रपंजर असंही नाव आहे. त्यात मस्तकापासून पायांपर्यंत एकेका अवयवाचं रक्षण मागितलं आहे. एकही अंग वगळलेलं नाही. हिंदोळचे पहारेकरीही पाळी बदलताना प्रत्येक गावाचं नाव मोठ्याने घेतील, नवव्या पठारावरच्या शेवटच्या वाडीपर्यंत. मग कर्ण आठवतो. इंद्र ब्राह्मणाच्या वेषात येईल, असं सूर्याने आधीच सांगितलेलं असताना त्याने जन्मजात कवच उतरवून दिलं आणि बदल्यात अमोघ शक्ती घेतली. जाणूनबुजून दिलेलं कवच आणि हिसकावून घेतलेलं कवच यांत फार अंतर आहे. हिंदोळमध्ये नवव्या पठाराकडून आजवर सगळं हिसकावूनच घेतलं गेलं आहे.

रात्री ९
पान पुरं होतं. नव्याने अद्भुतकथा लिहिणाऱ्यांना एवढंच सांगते: तुमच्या जगावर कवच जरूर घाला, ते हवं तेवढं तेजस्वी करा, पण त्याची किंमत कोणतं गाव मोजतं, ते पहिल्याच प्रकरणात लिहा. त्या गावातल्या माणसाला नाव द्या, घर द्या आणि बोलू द्या.