एकांत की एकाकीपणा?

दुपारचं आवरून जरा पाठ टेकावी म्हटलं, तर आतल्या खोलीचं दार लोटलेलं. मुलगा संगणकापुढे, कानांवर हेडफोन. ‘अरे, चार माणसांत जा जरा,’ म्हणावं, तर आतून नुसतं ‘हूं’. मैत्रिणींनो, हे आता घरोघरचंच आहे, नाही का? एके दिवशी मात्र मी रागावण्याऐवजी त्याच्या शेजारी स्टूल ओढून बसले. वाटलं होतं, बंदुका आणि मारामारी दिसेल. दिसलं ते भलतंच!

खेळाचं नाव ‘फायरवॉच’. २०१६ साली अमेरिकेतल्या एका लहानशा कंपनीनं काढलेला. गोष्ट १९८९ सालची. हेन्रीच्या बायकोला ऐन उमेदीत स्मृतिभ्रंश होतो. ते सोसवत नाही, म्हणून हा गृहस्थ वायोमिंगच्या जंगलात वणव्यावर नजर ठेवण्याची नोकरी धरतो. सोबतीला वॉकीटॉकीवर एका बाईचा आवाज. ती शेवटपर्यंत समोर येत नाही. माणूस घर सोडून जातो, पण दुःख त्याच्या पाठोपाठ येतंच. बघता बघता माझाच गळा दाटून आला.

मग त्यानं २०१२ सालचा ‘जर्नी’ दाखवला. वाळवंटातून दूरच्या डोंगराकडे चालायचं. वाटेत एखादा सोबती भेटतो, तोही कुठेतरी बसून खेळणारा खरा माणूस. पण त्याच्याशी बोलता येत नाही. सूर काढून साद घालायची, एवढंच. नाव कळतं ते अगदी शेवटी. संगीत ऑस्टिन विंटरी यांचं. त्यातलं चेलो हे खर्जातलं वाद्य म्हणजे जणू त्या एकट्या वाटसरूचा आवाज. या संगीताला ग्रॅमीचं नामांकनही मिळालं होतं.

पण मला विचारात पाडलं ते ‘स्टारड्यू व्हॅली’नं. कचेरीला विटलेला माणूस आजोबांच्या शेतावर राहायला जातो, अशी त्याची गोष्ट. एरिक बॅरोन यांनी चित्रं, संगीत, सगळं एकट्यानं केलं. साडेचार वर्षं लागली. २०१६ साली खेळ बाहेर आला. त्या काळात घरखर्चाचा मोठा भार त्यांच्या जोडीदारणीनं उचलला. म्हणजे कुणीतरी घर सांभाळतं, तेव्हा दुसऱ्याला एकांत मिळतो!

आपलं नेमकं उलट. घर माणसांनी भरलेलं, एकांत घटकाभरही नाही, आणि तरी मनातलं सांगायला कुणी नाही. एकांत आपण मागून घेतो. एकाकीपणा न मागता येतो. मुलाच्या बाबतीतही हाच फरक ओळखायचा.

खेळून उठल्यावर तो जेवायला येतो, बोलतो, मित्रांत जातो, तर काळजी नको. पण खेळावर ताबाच राहिला नाही, अभ्यास-झोप सुटली, नुकसान दिसत असूनही थांबवत नाही, तर डॉक्टरांचा सल्ला घ्या. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२२ पासून लागू झालेल्या यादीत हा विकार म्हणून नोंदला आहे. एरवी दार ठोठावून ‘बंद कर’ म्हणण्याआधी ‘काय खेळतोस, दाखव’ म्हणून पाहा.

आणि हो, आठवड्यातली एक दुपार स्वतःसाठी राखा. चहा घरातलं दुसरं कुणी करील!