मायनस मायनस प्लस, पण कधी?

हुमनाबादहून कलबुर्गी गाठून सेडमचा रस्ता धरला की मळखेड लागतं. राष्ट्रकूटांची राजधानी मान्यखेट ती हीच. अमोघवर्ष नृपतुंगाच्या राजवटीत, इ.स. ८५०च्या सुमारास, महावीराचार्यांनी ‘गणितसारसंग्रह’ लिहिला. आठवी-नववीची मुलं बीजगणितातल्या गुणाकारात जिथे हमखास अडखळतात, त्यातल्या काही जागांची उत्तरं त्यात आहेत.

सगळ्यांत चिवट गैरसमज असा, की (अ + ब) चा वर्ग म्हणजे अ चा वर्ग अधिक ब चा वर्ग. संख्या घालून पाहा. ३४ म्हणजे ३० + ४. वर्ग ९०० आणि १६, मिळून ९१६. पण ३४ गुणिले ३४ होतात ११५६. मधले २४० गेले कुठे? ३४ फूट लांब, ३४ फूट रुंद प्लॉट वहीत काढा आणि दोन्ही बाजूंना ३० फुटांवर रेघ मारा. एक मोठा चौरस, एक छोटा चौरस आणि ३० बाय ४च्या दोन पट्ट्या पडतात. १२० आणि १२०, हेच ते २४०. पट्ट्या सोडून कुणी प्लॉट विकत नाही! महावीराचार्यांचा नियमही हाच: वर्गांच्या बेरजेत दोन-दोन राशींच्या गुणाकाराची दुप्पट मिळवा, मग राशी दोन असोत की जास्त.

दुसरी गफलत, २क्ष गुणिले ३क्ष बरोबर ६क्ष. बेरीज असती तर ५क्ष आले असते. गुणाकारात क्षलाही क्षने गुणायचं असतं, म्हणून क्षच्या वर्गाची सहापट. क्ष = ५ ठेवा: १० गुणिले १५ म्हणजे १५०; ६क्ष मात्र ३०च. आणि हो, क्ष = ५ असताना २क्ष म्हणजे १०, २५ नव्हे.

‘मायनस मायनस प्लस’ तर घोकून इतकं गुळगुळीत झालंय, की मुलं −३ आणि −५ची बेरीजही +८ लिहून मोकळी होतात. ती −८. हा नियम गुणाकार-भागाकारापुरता. ब्रह्मगुप्तांनी तो इ.स. ६२८मध्येच मांडला होता. त्यामागे कारणही आहे. ४ आणि −४ची बेरीज शून्य; तिला −३ने गुणलं तरी शून्यच. पहिल्याचे −१२ झाले, तर दुसऱ्याचे +१२ व्हावेच लागतात.

गुणलं की संख्या वाढतेच, हाही भ्रम. ८ला अर्ध्याने गुणलं की ४ उरतात. शून्याने गुणलं की शून्य, हे महावीराचार्यांनी लिहिलंय. शून्याने भागल्यास संख्या तशीच राहते, असंही त्यांच्याच ग्रंथात आहे, आणि ते चूक आहे. ८ भागिले शून्य ८ असतील, तर ८ गुणिले शून्य ८ यायला हवेत. त्यांच्याच नियमाने येतं शून्य.