गोकूचा मेक्सिकन गळा

पहाडगंजच्या मेन बझारात स्पॅनिश कानावर पडली तर कुणी मान वळवून बघत नाही. नवी दिल्ली स्टेशनातून बाहेर पडलेले परदेशी भटके इथल्याच गल्ल्यांत स्वस्त खोली शोधतात. स्पेनची भाषासंस्था, इन्स्तितुतो सेर्व्हान्तेस, जवळच हनुमान रोडला आहे. पहाडगंजात उतरलेल्या एखाद्या तिशीतल्या मेक्सिकन पाहुण्याला विचारा, ‘ड्रॅगन बॉल झी’ या जपानी कार्टून मालिकेतल्या गोकूचा आवाज कुणाचा? बहुधा उत्तर येईल, मारिओ कास्तान्येदा.

या मालिकेचं लॅटिन अमेरिकेसाठीचं स्पॅनिश डबिंग मेक्सिकोत, इंटरट्रॅक स्टुडिओत झालं. गोकू कास्तान्येदांचा, व्हेजिटा रेने गार्सियांचा, निवेदन होसे लावात यांचं. आपल्याकडे ‘जंगल बुक’ ही मालिकाही मूळ जपानी, पण दूरदर्शनवर ती पाहिलेल्यांचा शेरखान नाना पाटेकरांच्याच आवाजात गुरगुरतो. तसंच हे.

2007 मध्ये प्लेस्टेशन 2 साठी ‘ड्रॅगन बॉल झी’वरचा ‘बुदोकाई तेनकाइची 3’ हा मारामारीचा गेम आला. रूपांतरं धरून 161 लढवय्ये, आणि आवाज फक्त जपानी नि इंग्रजी. लॅटिन अमेरिकेतल्या पोरांना आपलाच गोकू परका वाटला. मग त्यांनी गेमची डिस्क उसवली.

आतले आवाज एएफएस नावाच्या गाठोड्यात, एडीएक्स या रूपात बांधलेले. असंच गाठोडं ‘विनिंग इलेव्हन’ या फुटबॉल गेममध्येही होतं. तिथे आपल्या भाषेतलं समालोचन बसवणाऱ्यांनी ते सोडायची अवजारं आधीच हाताळली होती. फुटबॉलवाल्यांची विद्या मारामारीवाल्यांच्या कामी आली. अवघड भाग पुढचा: मालिकेतले स्पॅनिश संवाद कापून गेममध्ये बसवायचे. टीव्हीवरच्या संवादाखाली संगीत वाजत असतं, स्फोट होत असतात. त्यामुळे भाग पुन्हा पुन्हा लावून नुसता आवाज सापडेल असा क्षण हेरायचा. गेमला लांब संवाद कमीच लागतात. लागतात ते ठोसा बसल्यावरचं कण्हणं, डिवचणं, जिंकल्यावरची फुशारकी. ‘कामेहामेहा’ या गोकूच्या ऊर्जाझोताची आरोळी तर पडद्यावरच्या झोताइतकीच लांब हवी. कात्रीत एखादा श्वास गेला तरी कानाला खटकतं.

हे सगळं विनापरवाना. कलावंतांना त्यातून दमडी मिळत नाही, आणि चाहत्यांचं प्रेम हे काही मानधन नव्हे. तरी याच गेममालिकेतला 2024 चा ‘स्पार्किंग! झीरो’सुद्धा जपानी नि इंग्रजी आवाजांतच आला, तेव्हा चाहत्यांची चिडचिड मला पटली.

मालिकेचे निवेदक लावात 2018 मध्ये गेले. जुलै 2025 मध्ये मेक्सिको सिटीत आवाजकलावंत रस्त्यावर उतरले, कारण देशाच्या निवडणूक संस्थेच्या एका व्हिडिओत लावात यांचा आवाज कृत्रिम बुद्धिमत्तेने घडवून वापरला होता. चाहत्यांच्या मॉडमध्ये, म्हणजे कात्रीने बदललेल्या गेममध्ये, लावात यांचं निवेदन असलं, तर ते त्यांनी स्वतः माइकसमोर बोललेलं असतं. कधी शब्दाच्या शेपटीला मालिकेच्या संगीताचा एखादा तुकडा चिकटून राहिलेला ऐकू येतो.